सूर्याचं राज्य उभं करायचंय? मग सुरुवात रात्रीपासून करा

फँटसी लिहिणाऱ्या किंवा मित्रांना जमवून टेबलटॉप गेम (टेबलाभोवती बसून पात्रं होऊन गोष्ट खेळायची) खेळवणाऱ्या जवळपास प्रत्येकाच्या वहीत कधी ना कधी एक सूर्यपूजक राज्य येतंच. सोन्याचा कळस, पांढरे झगे, अंधाराशी वैर, गादीवर एक कडक महंत. माझ्याही वहीत होतं. मॅप रंगवला, झेंडा काढला, प्रार्थना लिहिली, आणि दुसऱ्याच सेशनला एका मैत्रिणीने विचारलं की रात्री या शहरात राज्य कोण करतं? देव तर मावळलाय ना. मी तेव्हा कशीबशी वेळ मारून नेली, पण घरी आल्यावर तेच डोक्यात घोळत राहिलं, कारण प्रश्न बरोबर होता आणि त्याचं उत्तर नसेल तर बाकी सगळी नुसती सजावट. तेव्हापासून असं राज्य बांधायचं असेल तर मी आधी रात्र ठरवते आणि मग दिवसाकडे येते. कसं, ते सांगते.

सूर्य हा रोज सगळ्यांच्या डोळ्यांदेखत निघून जाणारा देव आहे. बाकीचे देव दिसतच नाहीत, त्यामुळे त्यांचे पुजारी सांगतील ते खरं. सूर्याच्या पुजाऱ्याला मात्र रोज संध्याकाळी लोकांना काहीतरी सांगावंच लागतं, तो कुठे गेला आणि उद्या येणार कशावरून. हे उत्तर पहिलं लिहून काढा. इतिहासात याची निदान तीन उत्तरं सापडतात आणि तिन्हींमधून अगदी वेगवेगळी राज्यं निघतात. जुन्या इजिप्तमध्ये रा रात्री नावेत बसून पाताळातून बारा तासांचा प्रवास करतो, वाटेत अपेप नावाचा प्रचंड साप आडवा येतो, त्याला हरवलं तरच सकाळ. म्हणजे रात्र ही लढाई आहे, आणि देवळातले पुजारी मंत्र म्हणून त्या लढाईला हातभार लावतात. असं मानणारं सरकार रात्री जागं असणार, पहारे असणार, झोपलेल्या पहारेकऱ्याला शिक्षा नुसत्या कामचुकारपणाची नाही तर देवद्रोहाची होणार.

दुसरं उत्तर अखेनातेनचं. ख्रिस्तपूर्व चौदाव्या शतकातला हा फारो, म्हणजे इजिप्तचा राजा, आधीचं नाव चौथा आमेनहोतेप, याने आमोन देवाला बाजूला सारलं आणि आतेन, म्हणजे सूर्याचं बिंब, एवढंच ठेवलं. त्याच्या काळच्या स्तोत्रात रात्र म्हणजे निव्वळ गैरहजेरी आहे. माणसं डोकं झाकून मेल्यासारखी पडतात, उशाखालचं सामान गेलं तरी कळत नाही, सिंह बाहेर पडतात, साप चावतात. इथे रात्रीला कुणी वाली नाही. आणि तिसरं उत्तर मेक्सिकोतल्या मेशिका लोकांचं, ज्यांना आपण अझ्टेक म्हणतो. त्यांच्या मते हा पाचवा सूर्य, आधीचे चार संपलेत, त्यामुळे हाही संपू शकतो. दर ५२ वर्षांनी एका रात्री सगळ्या चुली विझवायचे, मुलांना चिमटे काढून जागं ठेवायचे कारण झोपलं तर उंदीर होईल अशी समजूत, आणि पुजारी डोंगरावर जाऊन कृत्तिका बरोबर डोक्यावरून पुढे सरकतात का बघायचे. सरकल्या की बळी दिलेल्या माणसाच्या छातीवर नवीन विस्तव पेटवायचा आणि तिथून मशालींनी घराघरात न्यायचा. असा शेवटचा सोहळा १५०७ मध्ये झाला. इथे सरकारच्या हातात काय आहे बघा, विस्तव! तुमच्या घरची चूल त्यांच्या परवानगीने पेटते.

तर लढाई, गैरहजेरी की उसना विस्तव, यातलं एक निवडा किंवा चौथं शोधा, आणि मग त्याला कायदा जोडा. माझ्या राज्याला मी उदयपीठ म्हणते आणि तिथे मी दुसरं उत्तर घेतलं. सूर्य मावळला की शपथ चालत नाही, सही चालत नाही, न्यायनिवाडा होत नाही, कारण साक्षीदार असलेला देवच हजर नाही. एवढा एक नियम टाकला आणि शहर आपोआप हलायला लागलं. कर्जदार सावकाराला दिवेलागणीपर्यंत बोलण्यात गुंतवून ठेवतो. हिवाळ्यात दिवस लहान म्हणून खटले तुंबतात. रात्री काम करणारे लोक, म्हणजे भट्टीवाले, कोळी, पहारेकरी, चोर, यांची आपली वेगळी भाषा आणि वेगळे सौदे तयार होतात, ज्याला कायद्याचा आधार नाही म्हणून दिलेल्या शब्दालाच जबरदस्त किंमत. आणि सगळ्यात अवघड, रात्री जन्मलेली मुलं. देवाने पाहिलं नाही तर त्या मुलाची नोंद काय? मग सुईण येते, बाळ रात्रीच्या तिसऱ्या प्रहरी जन्मलेलं असतं, ती त्याला फडक्यात गुंडाळून उंबऱ्यापाशी धरून बसते, दार अर्धं उघडं, आणि तांबडं फुटल्यावरच बाहेर हाक मारते की मुलगा झाला हो. शेजारच्या सगळ्या बायकांनी रात्रभर कळा ऐकलेल्या असतात आणि एकही जण तोंड उघडत नाही. हा एक सीन लिहून झाल्यावर मला पहिल्यांदा वाटलं की या शहरात माणसं राहतात.

आता धान्य. हे बहुतेक जण वगळतात आणि मग राज्य हवेत तरंगतं. सूर्याचं राज्य म्हटलं की सगळ्यांना सोनं आठवतं, दक्षिण अमेरिकेतल्या इन्कांच्या राजधानीत, कुझ्कोत, 'कोरिकांचा' नावाच्या सूर्यमंदिराला सोन्याचे पत्रे होते हे खरंच आहे, पण इन्का राज्य चाललं ते कोठारांवर. जमिनीचे तीन वाटे, एक सूर्याचा आणि देवस्थानांचा, एक राजाचा, एक गावाचा, आणि लोकांनी पाळीपाळीने सूर्याच्या आणि राजाच्या शेतात राबायचं, त्याला मिता म्हणायचे. नाणी नव्हती, कर म्हणजे अंगमेहनत. पीक डोंगरउतारावर वारा लागेल अशा रांगेने बांधलेल्या कोठारांत जायचं आणि हिशोब दोऱ्यांच्या गाठींत, ज्याला किपू म्हणतात. पेरणीची वेळ कशी कळायची तर शहराभोवतीच्या डोंगरकड्यांवर खांब उभे केले होते, सूर्य अमुक खांबापाशी मावळला की अमुक पीक. म्हणजे पुजाऱ्याची खरी ताकद तारखेत होती. तुमच्या राज्यात पेरणीची तारीख कोण जाहीर करतं आणि ती चुकली तर कुणाचं डोकं उडतं, हे लिहा, मग महंताच्या मुकुटाचं वर्णन नाही केलं तरी चालेल.

इन्कांची आणखी एक गोष्ट मला फार उपयोगी पडली. मेलेल्या राजाची ममी ठेवायचे, तिच्या नावावर तिच्या जमिनी आणि नोकरचाकर तसेच राहायचे, सणाला ममी चौकात आणून बसवायचे. नव्या राजाला पदवी मिळायची, पण वाडवडिलांची इस्टेट त्या त्या घराण्याकडेच. म्हणून प्रत्येक नव्या राजाला नवीन मुलूख जिंकावा लागायचा असं बऱ्याच अभ्यासकांचं मत आहे. सूर्याचे मुलगे म्हणवणारे हे राजे मरतात पण जागा सोडत नाहीत, किती गोष्टी निघतील यातून. आणि जाता जाता चुन्यो, तो आपल्या चुन्याशी संबंध नसलेला. अँडीजमधले लोक बटाटे रात्रीच्या कडाक्याच्या थंडीत उघड्यावर गोठवतात, दिवसा उन्हात टाकतात, पायांनी तुडवून पाणी काढतात, असं काही दिवस केलं की ते सुकून वर्षानुवर्षं टिकतात. सूर्याच्या राज्याची कोठारं अशा अन्नानेही भरायची ज्याला रात्रसुद्धा तितकीच लागते. तुमच्या जगातही असा एक पदार्थ शोधून ठेवा.

मोजमापाबद्दल थोडंसं, कारण इथे स्वतः करून बघण्यासारखं आहे. मी मे महिन्याच्या मध्यात पुण्यात गच्चीवर एक सरळ काठी रोवून बसले होते. सावली आखडत आखडत काठीच्या बुंध्यात शिरली आणि दिसेनाशी झाली, आणि तेव्हा घड्याळात बारा नव्हते, साडेबारा वाजले होते! कारण घड्याळ देशाचं आणि सूर्य ज्याच्या त्याच्या गावाचा. गुवाहाटीला त्याच दिवशी माध्यान्ह साधारण सव्वाअकराच्या थोडं पुढे उरकलेली असते. आता सूर्याच्या साम्राज्यात हा किती मोठा प्रश्न आहे विचार करा, प्रत्येक गावाची माध्यान्ह वेगळी, मग पूजा कुणाच्या माध्यान्हीला? राजधानीच्या म्हणावं तर सीमेवरच्या पुजाऱ्याला कललेल्या उन्हात 'देव माथ्यावर आहे' असं खोटं म्हणावं लागतं. लोक अशा गोष्टी सहज सोडत नाहीत, १९०६ ला भारताची एकच प्रमाणवेळ ठरली तरी मुंबईत तिच्यामागे ३९ मिनिटं असलेली जुनी मुंबईची वेळ पुढे कित्येक वर्षं वापरात होती. तिथे तर धर्माचा प्रश्नही नव्हता. तुमच्याकडे यावरून बंड होऊ शकतं.

सुट्टीचंही ठरवून टाका. रोमन सम्राट कॉन्स्टंटाइनने ३२१ मध्ये सूर्याच्या वारी कामकाज बंद ठेवायचा हुकूम काढला. त्याच वाराची सुट्टी मुंबईच्या गिरणी कामगारांना १८९० मध्ये मिळाली ती नारायण मेघाजी लोखंडे यांच्या लढ्यामुळे, आणि त्यांनी कारण काय दिलं तर रविवार हा खंडोबाचा वार. एकच वार, एकीकडे सम्राट वरून लादतो, दुसरीकडे कामगार खालून मागून घेतात. तुमच्या राज्यात विश्रांतीचा दिवस कुणी कुणाकडून मिळवला?

आता ग्रहण. कृपा करून तो जुना प्रसंग वापरू नका ज्यात परका हिरो ग्रहणाचं भाकीत करतो आणि सूर्यपूजक भोळेपणाने घाबरून त्याच्या पाया पडतात. पिढ्यानपिढ्या सूर्याकडे बघत बसलेल्या लोकांनाच ग्रहण सगळ्यात आधी कळणार. त्यांना कळतं, पण अर्धवट कळतं, आणि गोष्ट तिथे आहे. ग्रहणं साधारण १८ वर्षं ११ दिवस आणि ८ तासांनी परत त्याच चालीने येतात. ते वरचे आठ तास घात करतात, कारण तेवढ्यात पृथ्वी एक तृतीयांश फिरलेली असते आणि ग्रहण भलत्याच मुलखात दिसतं. म्हणजे तुमच्या महंताला दिवस माहीत आहे, आपल्या शहरातून दिसेल का ते माहीत नाही. जाहीर करावं तर दिसलं नाही म्हणून अब्रू जाणार, गप्प बसावं तर दिसलं म्हणून जीव जाणार. जुन्या असीरियात, म्हणजे आजच्या उत्तर इराकच्या भागात, ग्रहण राजाच्या मरणाचा संकेत निघाला तर एखाद्या कैद्याला किंवा अशाच कुणा माणसाला राजाचे कपडे घालून गादीवर बसवायचे, खरा राजा लपून राहायचा, आणि मुदत संपली की त्या बदली राजाला मारायचे. त्या बदली माणसाच्या नजरेतून लिहून बघा एकदा.

खग्रास अवस्था एका जागी जास्तीत जास्त साडेसात मिनिटांच्या आसपास टिकते. उदयपीठात तेवढ्या वेळात रात्रीचा कायदा लागू होतो, म्हणजे भर दुपारी काही मिनिटं शपथा रद्द. त्या काही मिनिटांत काय काय उरकून घेता येईल याची यादी माझ्या प्लेयर लोकांनी मला न विचारता केली होती, दोन पानं भरली.

ग्रहणापेक्षा मोठी अडचण ढगांची, आणि ती आपल्याला सांगायला नको. कोकणासारखा मुलूख असेल तर जून ते सप्टेंबर देवाचं दर्शन नशिबावर. पण याचं उत्तरही आपल्या घरातच आहे, चातुर्मास. आषाढी एकादशीला देव झोपतात, कार्तिकीला उठतात, मधे लग्नं नाहीत, पण नेम, कथा, कीर्तनं, उपास सगळं जोरात. देव हजर नाही त्या काळाला सुद्धा शिस्त लावता येते. अशी सोय तुमच्या सूर्यराज्यात केली तर पावसाळा हा कमकुवतपणा न राहता वर्षातला सगळ्यात धार्मिक काळ होतो.

जग आपल्या पृथ्वीसारखं नसेल, एकाच विश्वात पुष्कळ दुनिया असतील, तर मात्र खरी मजा आणि खरी जबाबदारी सुरू होते. एखादा ग्रह सूर्याकडे कायम एकच बाजू करून फिरत असेल तर सूर्य मावळतच नाही, आणि रात्र ही वेळ न राहता जागा होते. तिथे हद्दपारी म्हणजे चालत अंधारात जाणं, आणि बर्फ सगळं तिकडेच, म्हणजे पाणीही कदाचित तिकडूनच आणावं लागणार. दोन सूर्य असतील तर थोरला कोण यावर दोन पंथ. पण सगळ्यात धोकादायक विचार अगदी साधा आहे, आकाशातला प्रत्येक तारा हा दुसरा सूर्य आहे. हे ज्या दिवशी कळलं त्या दिवशी 'एकमेव' हा शब्द गेला, आणि रात्र ही देवाची गैरहजेरी न राहता हजारो परक्या देवांची हजेरी झाली. तुमच्या राज्याला हे माहीत आहे का, माहीत असूनही लपवतंय का, की तारे बघायलाच बंदी आहे? दुसऱ्या दुनियेतून एक वकील, म्हणजे राजदूत, आला, त्याचा सूर्य लालसर आहे, आणि तो दरबारात आपल्या सूर्याची शपथ घ्यायची म्हणतो, ती चालेल का? हा एक प्रश्न घेऊन मी सलग तीन सेशन खेळवलेत.

वकिलावरून आठवलं. अखेनातेनच्या राजधानीत, आज जिला अमार्ना म्हणतात, मातीच्या पाट्यांवरची पत्रं सापडलीत. त्यात असीरियाच्या राजाची तक्रार आहे की माझ्या दूतांना सारखं उन्हात उभं करता आणि ते उन्हात मरतात, त्यांनी उन्हात मरायचं कशासाठी? तिथली आतेनची देवळं वरून उघडी होती, छप्पर नाही, शेकडो नैवेद्याचे ओटे, सगळं थेट उन्हात. चित्रांत सूर्याच्या किरणांना टोकाला छोटे हात असतात आणि ते हात राजाराणीच्या नाकाशी जीवनाचं चिन्ह धरतात, प्रजेच्या नाकाशी नाही. तिथल्या साध्या माणसांच्या दफनभूमीतल्या हाडांवर कुपोषणाच्या आणि अवजड ओझी वाहिल्याच्या खुणा आहेत. आणि त्यांच्या घरांत काय सापडलं तर बेस आणि तावेरेत, म्हणजे बाळंतपण सांभाळणाऱ्या जुन्या घरगुती देवता. राजाने इतर देवांची नावं छिन्नीने खोडायला लावली तरी बायकांनी त्यांना सोडलं नव्हतं. मला हे वाचून भरून आलं होतं. म्हणून राज्याचा धर्म लिहून झाला की एका गरीब घराचं देवघर लिहा, आणि त्यात सूर्य सोडून काय लपवलंय ते ठरवा.

अखेनातेनच्या मृत्यूनंतर ते शहर ओस पडलं, देवळांचे दगड काढून दुसऱ्या बांधकामांच्या पोटात भर म्हणून घातले, आणि गंमत म्हणजे त्यामुळेच ते टिकले. तुमचं राज्य पडल्यावर त्याचे दगड कुठल्या भिंतीत जातील, हेही आताच मॅपवर खूण करून ठेवा.

शेवटचं काम भाषेचं आणि माझ्या दृष्टीने सगळ्यात आनंदाचं. इंग्रजीतून उचललेल्या पदव्या वापरू नका, आपल्याकडे कारभाराची नावं बनवायची तयार पद्धत आहे. चिटणीस, फडणीस, पोतनीस यातला नीस म्हणजे लिहिणारा, मग रोजची सावली मोजून लिहिणारा तो सावलीनीस. कोठार सांभाळणारा कोठावळे आहेच. सकाळी वेस उघडणारा पहाटकरी. आणि वेळ सांगायला तास मिनिटं कशाला, झुंजूमुंजू, तांबडं फुटणं, कासराभर दिवस वर येणं, टळटळीत दुपार, उन्हं कलणं, तिन्हीसांजा, एवढी श्रीमंती पडलीय. गावाकडे सूर्याला सरळ 'दिवस' म्हणतात, दिवस उगवला, दिवस बुडाला. देवाला आणि वेळेला एकच शब्द असलेली भाषा सूर्याच्या राज्यासाठी याहून चांगली कुठे मिळणार!

हे सगळं जमवल्यावर इतिहास, वंशावळ वगैरे लिहायच्या आधी एकच संध्याकाळ लिहा. दिवस बुडायला वीतभर उरलाय, वेशीचं दार बंद व्हायचंय, सावलीनीस वही मिटतोय, एक म्हातारी धान्याचं पोतं घेऊन घाईने येतेय आणि तिची सही अजून व्हायचीय. ती पोचते का, आणि नाही पोचली तर पहाटकऱ्याच्या दाराशी रात्र कशी काढते, कोण तिला विस्तव देतं, तिथून पुढे लिहीत जा.